दोन महिन्यांची चोरी

माझ्या सासऱ्यांना, सोमाजी रामटेक्यांना, कुणाचंही स्वागत म्हणून करता येत नसे. दारात माणूस आला, मग तो ग्रामसेवक असो की लग्नपत्रिका घेऊन आलेला सख्खा मेहुणा, ते कमरेवर हात ठेवून उंबऱ्यात उभे राहत आणि म्हणत, "काम बोल." काम बोलून झालं की मग "बस". नुसतं भेटायला आलो, असं कुणी म्हटलं तर ते खरोखर गोंधळत. "मंग भेटला ना? आता?"

चंद्रपूरला आमच्या घरी मला पाहायला आले तेव्हा बाकीचे माझं शिक्षण, स्वयंपाक, शाळेतली नोकरी याबद्दल विचारत होते. हे पोहे खात गप्प बसले होते. मध्येच मान वर करून म्हणाले, "तुले राग येते का?" आईने मागून मला खूण केली, नाही म्हण. मी म्हणाले, "येतो."

"कोणावर?"

"ज्याच्यावर यायला पाहिजे त्याच्यावर."

"जमन," ते म्हणाले आणि बशी खाली ठेवली. एवढ्यावर माझं लग्न ठरलं. पुढे माझा सगळ्यात जास्त राग त्यांच्यावरच निघायचा होता, हे त्या दिवशी दोघांनाही ठाऊक नव्हतं.

त्यांना मी मामाजी म्हणायची. घुग्घुसच्या कोळसा खाणीत त्यांची सगळी नोकरी गेली. निवृत्त झाल्यावर सिंदेवाहीच्या पुढे, जंगलाला लागून असलेल्या आपल्या गावी परतले आणि घराच्या बाजूलाच धान भरडायची व पीठ दळायची चक्की टाकली. आजूबाजूच्या चार गावांच्या बाया डोक्यावर धान घेऊन यायच्या आणि त्यांच्या शिव्या खाऊन जायच्या. रांग मोडली की शिवी. ओलं धान आणलं की शिवी. एखादी बाई भरडलेले तांदूळ घेऊन निघाली, की हे मशीन बंद करून आत हात घालत, तळाशी अडकलेले दाणे झाडून काढत आणि रस्त्यापर्यंत जाऊन ओरडत, "ओ बाई! आपले तांदूळ माह्या मशीनीत ठेवून कुठी चालली? मले लखपती करतं का?" ती बिचारी अर्ध्या वाटेवरून परत येई, मूठभर दाण्यांसाठी. आभार मानावेत की भांडावं, तिला कळत नसे.

एका जयंतीला गावातल्या पोरांनी विहारावर रोषणाई केली आणि वीज रस्त्यावरच्या तारेवर आकडा टाकून घेतली. सगळीकडे असंच चालतं, कुणाला त्यात काही वाटत नव्हतं. संध्याकाळी पांढरे कपडे घालून सगळे जमलेले, वंदना सुरू व्हायची, आणि मामाजींची नजर त्या तारेवर गेली. त्यांनी कोपऱ्यातला कोरडा बांबू उचलला आणि आकडा खाली ओढला. गाणं बंद पडलं, दिवे गेले, लहान पोरं रडायला लागली.

"फोटोवर चोरीचा लाईट पाडता? लाज नाई वाटत?"

पोरं अंगावर धावून गेली. म्हाताऱ्यांनी मध्ये पडून सोडवलं. शेवटी कुठून तरी जनरेटर आणून कार्यक्रम झाला, पण पुढे कित्येक महिने समाजातलं कुणी मामाजींशी बोललं नाही. त्यांच्या ते लक्षात आलं होतं की नाही, मला सांगता येणार नाही.

म्हणूनच वीज कंपनीचं भरारी पथक आमच्या चक्कीवर आलं तेव्हा गाव पाहायला लोटलं. ऐन हंगाम होता, नवं धान दारात रचलेलं. पथकातल्या साहेबाने मीटरची पेटी भिंतीवरून काढली आणि मागे बोट दाखवलं. भिंतीतल्या भोकातून एक काळी तार मीटरला वळसा घालून सरळ मोटारीकडे गेली होती. मोटार फिरत होती आणि मीटर जवळजवळ थांबलं होतं.

मामाजी त्या तारेकडे बघतच राहिले. मग त्यांनी साहेबाची कॉलर धरली.

"खोटारड्या! तूच आणून खुपसली ही तार! मीटर काढाच्या बहाण्यानं खुपसली!"

माझा नवरा, मिलिंद, त्यांना मागे ओढत होता; अलीकडे चक्कीची मशीन तोच चालवायचा. तो एवढंच म्हणत होता, "बाबा, सोडा. बाबा, सोडा ना." पंचनाम्यावर मामाजींनी सही केली नाही. घर आणि चक्की एकाच मीटरवर; पथकाने दोन्हीची वीज कापली, मीटर पोत्यात घालून नेलं. गर्दीतून, त्या जयंतीच्या पोरांपैकीच कुणीतरी ओरडलं, "सोमाभाऊ, बांबू आणू का?" सगळे हसले. मामाजींच्या चेहऱ्यावर मी कधी भीती पाहिली नव्हती, त्या क्षणीही ती नव्हती. होता तो निव्वळ द्वेष.

मग आकारणी आली. चोरी नेमकी कधीपासून हे कळायला मार्ग नाही, म्हणून पूर्ण वर्षाची धरली, आणि दर दुप्पट. शिवाय फौजदारी गुन्हा. मीटर मामाजींच्या नावावर, म्हणून आरोपी तेच.

चंद्रपूरचे वकील शांत स्वभावाचे होते. ते म्हणाले, "पहिलाच गुन्हा आहे. तडजोडीची रक्कम भरली की फौजदारी संपते. आकारणीचे हप्ते पाडून घेऊ. महिन्याभरात चक्की सुरू." मिलिंद लगेच म्हणाला, "भरून टाकू बाबा."

"ज्यानं चोरी केली तो भरन," मामाजी म्हणाले. "मी काऊन भरू? कोर्टात जाऊ."

कोर्टात गेलं की काय होतं ते मला तेव्हा माहीत नव्हतं. तारीख पडते, साहेब येत नाही, परत तारीख पडते. इकडे चक्की बंद आणि घर अंधारात. शेजारच्या घरून तार ओढून एक पंखा तरी लावू, असं मी म्हणाले तर मामाजी माझ्यावर खेकसले, "त्याच्या मीटरवरून आपल्या घरी? तेबी बेकायदाच हाय. चोराचा शिक्का लागला म्हणून चोरी कराची का?" आमच्याकडचा मे महिना ज्याने काढला आहे त्यालाच कळेल. भिंती संध्याकाळीही हाताला चटका देत. सासूबाई, त्यांना मी आत्याबाई म्हणते, ओलं लुगडं अंगावर घेऊन जमिनीवर पडून असत. शाळेला सुट्टी लागलेली, मी माझ्या लेकीला पुठ्ठ्याने वारा घालत बसायची आणि मामाजींना ऐकू जाईल असं बोलायची. ते ऐकत आणि उत्तर देत. आमच्या घरात त्या काळात भांडण संपून दुसरं सुरू व्हायचं नाही, एकच चालू होतं.

अंगणातला दिवा गेला तशी जनावरं जवळ यायला लागली. एकदा जेवणं व्हायच्या आत, आम्ही सगळे ओसरीत असताना, बिबट्याने अंगणातून आमचा कुत्रा उचलला. आवाजही झाला नाही, नुसती साखळी वाजली. मी लेकीला छातीशी धरून मामाजींसमोर उभी राहिले.

"उद्या ही गेली म्हणजे? तेव्हा तरी भराल का?"

"मी चोर नाई," ते म्हणाले.

"तुम्हाला कोण विचारतंय तुम्ही चोर आहात की नाही! लाईट कधी येणार ते विचारतेय मी!"

त्या दिवसापासून ते रोज संध्याकाळी हातात कुऱ्हाड घेऊन ओसरीच्या पायरीवर बसत. माझ्याशी एक शब्द बोलत नसत. मीही त्यांना चहा नेऊन देणं सोडलं.

खटला साक्षीवर आला. वकील म्हणाले, "चक्की प्रत्यक्ष मुलगा चालवत होता. त्याने शपथेवर सांगावं की ती तार आमची नाही, आधी नव्हती. बाकी मी बघतो." मामाजी घरी आले ते जवळजवळ खुशीत. जेवताना मिलिंदला म्हणाले, "तुले उभं राहा लागते. जे हाय ते सांगाचं, भ्याचं नाई."

मिलिंदने ताटातला हात काढला. "बाबा, मी साक्ष देत नाई."

"काऊन?"

"तार मीच टाकली होती."

आत्याबाईंच्या हातातली पळी तशीच राहिली. मला हे तेव्हाच कळलं, त्याच वाक्याने. एवढ्या उन्हाळ्यात, एवढ्या भांडणांत, तो माझ्या शेजारी घाम पुसत बसला होता आणि गप्प होता. मी त्याच्याकडे पाहिलं, तो माझ्याकडे पाहत नव्हता.

मामाजी ओरडतील असं वाटलं होतं. ते हळू म्हणाले, "कधी?"

"दिवाळी झाल्यावर."

"नवा धान आला तवा, का आधी?"

"नवा धान आला तवाच. नव्या मशीनीची किस्त भरून होत नव्हती बाबा. बिल वाढून राह्यलं होतं. तुमाले सांगतलं असतं तं तुमी मशीन इकाले काढली असती."

"काढलीच असती." ते उठले. हात धुतले. परत येऊन पुन्हा विचारलं, "दिवाळीच्या आधी एक दिवस बी नाई?"

"नाई."

पहाटेच्या बसने ते चंद्रपूरला निघाले. आत्याबाईंनी मला बरोबर धाडलं. "त्यायच्या तोंडाले आवर घालाले कोणी असाले पाहिजे," त्या म्हणाल्या. प्रवासभर आम्ही एकाच बाकावर बसलो आणि बोललो नाही.

वकिलांनी सगळं ऐकून घेतलं आणि दार लावलं. "हे मला सांगितलं, आता कुणाला सांगू नका. केस आपल्या हातात आहे. पंच त्यांचेच नेहमीचे. मीटर तपासलं तेव्हा तुम्हाला बोलावलं नाही. मुलाची साक्ष नकोच. तुम्ही फक्त गप्प बसा, सुटाल."

"सुटून?"

"सुटून म्हणजे? निर्दोष!"

"पर निर्दोष नाई ना."

"बरं. मग सगळी आकारणी भरा आणि मोकळे व्हा."

"तेबी नाई. चोरी दोन महिन्याची हाय, यायनं बारा महिन्याची लावली. दोन महिन्याची दुप्पट घ्या, चोराले दुप्पटच लावाव. बाकी दहा महिने मी देत नाई."

वकिलांनी हातातला पेन टेबलावर टाकला. इतक्या दिवसांत पहिल्यांदा त्यांचा आवाज चढला. "सोमाजी, चोरी कबूल करायची आणि आकारणीवर भांडायचं, या दोन गोष्टी एकत्र चालत नाहीत!"

"काऊन नाई चालत? दोन्ही खऱ्या हाय."

मी मध्ये पडले. म्हणाले, वकीलसाहेब सांगतात तसं करा, गप्प बसा, एकदाच आयुष्यात. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मीच ती तार टाकली होती.

न्यायाधीश एक बाई होत्या. त्यांनी आरोपीला विचारलं, तुम्हाला काही सांगायचं आहे का. मामाजी पिंजऱ्यात ताठ उभे राहिले आणि खणखणीत आवाजात म्हणाले, "चोरी झाली. माह्या चक्कीत झाली. नवा धान आला तवापासून पथक येईपर्यंत झाली. त्याच्या आधी नाई झाली."

कंपनीचा वकील हसून उठला. "आरोपीला आता चोरीचे महिनेही ठरवून हवेत."

"मंग कोण ठरवन? तू होता तिथी?"

न्यायाधीशबाईंनी त्यांना दटावलं. मग विचारलं, "तार कुणी टाकली?"

आमच्या वकिलांनी डोळे मिटले. मामाजींना सांगता आलं असतं, मीटर माझ्या नावावर आहे. सांगता आलं असतं, मला माहीत नाही. कुठलाही बाप यातलं एक काहीतरी बोलला असता. त्यांनी मागे वळून बोट दाखवलं.

"माह्या पोरानं. तो मागं बसला हाय, निळ्या शर्टाचा."

सगळं कोर्ट वळलं. मिलिंद शाळेतल्या पोरासारखा उभा राहिला. त्याने नाही म्हटलं नाही.

बाहेर व्हरांड्यात मी मामाजींना गाठलं. किती माणसं ऐकत होती याची मला पर्वा नव्हती. "तुम्ही बाप आहात का सरकारी वकील?"

"त्यानं मले फिरवलं ना तारखेवर तारखा," ते म्हणाले. "मी लोकांले खोटं म्हणत राह्यलो, आन हा माह्या बाजूले बसून आयकत राह्यला. साक्ष द्या लागली नसती तं अजून बोलला नसता."

"म्हणून त्याला तुरुंगात पाठवणार?"

"मी कोण पाठवणार? मी विचारलं ते सांगतलं."

एवढ्यात पथकातला तो साहेब जिन्यावरून उतरताना दिसला. मामाजी तरातरा त्याच्याकडे निघाले. साहेबाने घाबरून हातातली बॅग छातीशी धरली. मामाजी त्याच्यासमोर उभे राहून म्हणाले, "मी तुले गावासमोर खोटारडा म्हटलं होतं. तू खरा होता. आपली चूक झाली." साहेबाचा जीव भांड्यात पडतोय तोच ते पुढे म्हणाले, "पर बारा महिने लिवले ना, तवा तू खोटाच होता."

"निघा इथून," साहेब म्हणाला. एवढी एक माफी मामाजींनी आयुष्यात मागितली, तीही अशी, आणि ती कुणी घेतली नाही.

मिलिंदवर वेगळा गुन्हा दाखल झाला. पहिलाच असल्याने तडजोड होऊ शकत होती. मामाजींनी त्यासाठी एक पैसा दिला नाही. "त्याचं त्यानं भोगाव," म्हणाले. ती रक्कम मी माहेरून आणली, आणि ज्या दिवशी ती भरली त्याच दिवशी आम्ही घर सोडलं. निघताना मामाजी चक्कीच्या बंद दारापाशी उभे होते. लेक त्यांच्याकडे धावली, त्यांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला. मिलिंद पाया पडायला वाकला तर ते बाजूला सरकले.

आम्ही मोहर्लीला गेलो. मिलिंदने पर्यटकांना जंगलात नेणारी गाडी चालवायला घेतली, मला तिथल्या शाळेत काम मिळालं. मिलिंदशीही मी पुष्कळ दिवस धड बोलत नव्हते. बापाने बोट दाखवलं याचा राग, आणि नवऱ्याने दाखवण्याजोगं केलं याचा राग, दोन्ही एकाच घरात घेऊन राहणं सोपं नव्हतं.

निकाल लागला तेव्हा आत्याबाईंचा फोन आला. कंपनीच्याच माणसाने उलटतपासणीत कबूल केलं होतं, की दिवाळीपर्यंत चक्कीचा वापर दरवर्षीसारखाच दिसतो, घट त्यानंतरची आहे. कोर्टाने मामाजींना गुन्ह्यातून सोडलं, आकारणी दोन महिन्यांपुरती ठेवली आणि बाकीची रद्द केली. मामाजींनी ती दुपारच्या आत भरली. "लाईट आला," आत्याबाई म्हणाल्या. मग, "तुहे मामाजी म्हणते, मी सांगतलं होतं." मी फोन ठेवून दिला.

त्यानंतर त्यांनी एकट्याने चक्की चालवली. लेक सुट्टीत जायची, तिच्याकडून कळायचं की आजोबा अजून सगळ्यांवर ओरडतात. मिलिंदने दोनदा निरोप धाडला, येऊ का म्हणून. उत्तर आलं नाही. एका उन्हाळ्यात ते चक्कीतच खाली बसले ते उठले नाहीत. आम्ही पोचलो तेव्हा त्यांना अंगणात ठेवलं होतं. मिलिंद पाया पडला. या वेळी ते सरकले नाहीत, आणि ते पाहून मला रडू येण्याऐवजी रागच आला.

विहारात शोकसभा झाली. मेलेल्याबद्दल चार बरे शब्द बोलायचे असतात, पण लोकांना ते जमेना. एक बाई उठून म्हणाली, भाऊने मला रस्त्यात बोलावून शिव्या दिल्या, आणि पुढे तिला सुचलंच नाही. जयंतीला अंगावर धावून गेलेल्यांपैकी एक, आता संसाराला लागलेला, म्हणाला, "मले त्यायचा लय राग होता. अजून बी हाय." कुणी त्याला खाली बसवलं नाही.

मग मिलिंदला बोलायला लावलं.

"माह्या बापानं भर कोर्टात मले चोर म्हटलं," तो म्हणाला. "ते खरं होतं. आन तवापासून या गावात कोणी मले चोर म्हटलं नाई. मागून कुजबुज कराले काई उरलंच नव्हतं. एवढं त्यायनं माह्यासाठी केलं."

सभेत कुणीतरी हुंदका दिला. मी दिला नाही. मी त्यांना माफ केलेलं नाही आणि ते मेले म्हणून करणारही नाही. ज्या पोराने उशिरा का होईना खरं सांगितलं, त्याला पुढची इतकी वर्षं दाराबाहेर ठेवायचं, हे कुठल्या कोर्टाने सांगितलं होतं? त्याची आकारणी त्यांनी कुठल्या मापाने केली? स्वतःसाठी दोन महिने मागणाऱ्या माणसाने पोराला जन्मभराची लावली.

मोहर्लीला परतताना लेक मागे झोपली होती. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना मोहाची झाडं, पानं गळालेली. मी मिलिंदला विचारलं, "तू त्यांना माफ केलंस?"

"नाई," तो म्हणाला.

"मग सभेत तसं का बोललास?"

"खरं होतं म्हणून."

त्याला समोरच्या वळणावर हरणांचा कळप दिसला होता, आणि त्याने गाडी हळू केली.